विजयी सेनापतीची फेटाळलेली विनंती : साकानोउए नो तामुरामारो

जपान, इसवी सन ८०२. आठव्या चांद्र महिन्याचा तेरावा दिवस. राजधानी हेइआन, म्हणजे आजचे क्योतो. तिच्या नैर्ऋत्येस असलेल्या कावाची प्रांतात त्या दिवशी दोन कैद्यांचा शिरच्छेद करण्यात आला. एकाचे नाव आतेरुई, दुसऱ्याचे मोरे.

दोघेही जपानच्या ईशान्य टोकाकडील एमिशी लोकांचे प्रमुख होते. चार महिन्यांपूर्वी ते पाचशेहून अधिक साथीदारांसह शरण आले होते. त्यांना जिवंत सोडावे, अशी रदबदली दरबारात एकाच माणसाने केली होती, आणि तो त्यांचा आप्त नव्हता, मित्रही नव्हता. त्यांच्यावर स्वारी करून त्यांचा मुलूख जिंकणारा सेनापतीच तो होता.

त्याचे नाव साकानोउए नो तामुरामारो. मुत्सु प्रांताचा अधिपती, सरहद्दीवरील फौजेचा प्रमुख आणि ‘सेइ-इ ताइशोगुन’ या पदवीचा धनी. पुढे बाराव्या शतकापासून एकोणिसाव्या शतकापर्यंत जपानचे लष्करी सत्ताधीश जी पदवी मिरवीत राहिले, ती हीच. हा थ्रेड त्याच्याविषयी आणि त्या फेटाळल्या गेलेल्या विनंतीविषयी.

प्रथम प्रदेश समजून घेऊ. होन्शू हे जपानचे मुख्य बेट. त्याचा ईशान्य भाग, म्हणजे आजचे फुकुशिमा, मियागी, इवाते आणि आओमोरी, त्या काळी ‘मुत्सु’ या एकाच नावाखाली मोडत असे. कागदोपत्री तो साम्राज्याचा एक प्रांत होता. प्रत्यक्षात दरबाराचा अंमल जेमतेम आजच्या मियागीपर्यंत पोहोचत असे. त्यापलीकडे एमिशींचा मुलूख होता.

‘एमिशी’ हे त्या लोकांनी स्वतःला दिलेले नाव नव्हे. दरबाराच्या लेखी जो सम्राटाच्या कक्षेबाहेरचा, तो एमिशी. हे लोक एका झेंड्याखाली नव्हते. गावोगावचे प्रमुख वेगवेगळे होते, कोणी दरबाराशी सलोख्याने राहत, कोणी लढत. घोड्यावरून बाण मारण्यात त्यांचा हातखंडा होता. त्यांचे घोडे तर इतके नावाजलेले की, ७८७ मध्ये सरकारी अधिकाऱ्यांना आणि सरदारांना त्यांच्याशी चालणाऱ्या चोरट्या घोडेखरेदीवर बंदी घालावी लागली. घोड्यांच्या मोबदल्यात सरकारी मालही सरहद्दीपार जात होता, हे दरबाराचे खरे दुखणे.

सरहद्दीचे मुख्य ठाणे म्हणजे तागा किल्ला. तो ७२४ मध्ये उभारला गेला. किल्ला म्हटल्यावर डोळ्यांसमोर सह्याद्रीतील गड आणू नये. मातीच्या भिंतीने वेढलेली कचेऱ्यांची वस्ती, मध्यभागी प्रांताधिपतीची कचेरी, सभोवती सैनिकांची घरे आणि धान्याची कोठारे, असे त्याचे स्वरूप होते. सारा वसूल करणे, नव्या वसाहती बसवणे, शरण आलेल्या एमिशींना मेजवानी व वस्त्रे देणे आणि न आलेल्यांवर चाल करून जाणे, ही सगळी कामे एकाच आवारातून चालत.

७४९ मध्ये याच मुत्सुमध्ये सोने सापडले. नारा येथील महाबुद्धाच्या मूर्तीला मुलामा देण्यासाठी सोन्याची निकड असतानाच तेथून ९०० र्‍यो सोने राजधानीत आले. तेव्हापासून दरबाराच्या नजरेत या प्रांताचे मोल पालटले. वसाहती उत्तरेकडे सरकू लागल्या, नवी ठाणी उभी राहिली आणि एमिशींच्या संयमाला तडे जाऊ लागले.

७७४ मध्ये एमिशींनी मोमोनोओ किल्ल्यावर हल्ला केला. ७८० मध्ये त्याहून मोठा भडका उडाला. कोरेहारी नो आझामारो हा मूळचा एमिशी. परंतु दरबाराने त्याला जिल्ह्याचा प्रमुख नेमले होते. त्याचाच एक सहकारी अधिकारी एमिशी म्हणून त्याला हिणवीत असे. आझामारोने त्याला ठार केले, पाठोपाठ प्रांताच्या सर्वोच्च अधिकाऱ्यालाही मारले. त्यानंतर तागा किल्ला लुटून जाळण्यात आला.

त्याच ७८० साली राजधानीत बावीस वर्षांचा एक तरुण सम्राटाच्या अंगरक्षक दलात अधिकारी म्हणून रुजू होता. तो म्हणजे तामुरामारो.

त्याचे घराणे स्वतःला मुळात जपानी म्हणवीत नसे. पूर्वज आची नो ओमी हा समुद्रापलीकडून आलेला आणि चीनच्या हान वंशातील सम्राटाचा वंशज, अशी घराण्याची सांगी होती. वडील कारितामारो यांनी ७८५ मध्ये हीच वंशावळ दरबारापुढे मांडून वरची कुलपदवी मिळवली. हान वंशाचा दावा खरा की प्रतिष्ठेसाठी रचलेला, हा वेगळा प्रश्न. घराणे स्थलांतरितांचे होते आणि धनुर्विद्या व अश्वविद्या हा त्यांचा पिढीजात व्यवसाय होता, एवढे निश्चित. कारितामारो स्वतः ७७० मध्ये मुत्सुच्या फौजेचा प्रमुख होऊन आला होता.

हा योगायोग एकट्या तामुरामारोपुरता नाही. ज्या सम्राटाने एमिशींवर लागोपाठ मोहिमा काढल्या, त्या कान्मुची आई कोरियातील पेक्चे राज्यातून आलेल्या घराण्याची होती. मुत्सुमधून सोने पाठवणारा अधिपती पेक्चेच्या राजवंशातला होता, आणि तामुरामारोसोबत सैन्याची पाहणी करण्यास गेलेला शुन्तेत्सु हाही त्याच वंशातला. ‘रानटी’ लोकांना वठणीवर आणण्याची मोहीम चालवणारे कित्येक जण काही पिढ्यांपूर्वी स्वतःच परदेशी होते. दरबाराला यात काही विसंगती वाटली नाही. वंशापेक्षा सम्राटाच्या छत्राखाली असणे किंवा नसणे, हीच त्याची कसोटी होती.

कान्मु ७८१ मध्ये गादीवर आला. त्याला दोन गोष्टींचा ध्यास होता: नवी राजधानी आणि ईशान्येचा विजय. राजधानी त्याने दोनदा हलवली, ७८४ मध्ये नागाओका येथे आणि ७९४ मध्ये हेइआन येथे. ईशान्येकडील पहिली मोठी मोहीम मात्र त्याच्या कारकिर्दीतील सर्वांत लाजिरवाणी घटना ठरली.

तिची तयारी ७८८ मध्ये सुरू झाली. तागा किल्ल्यावर ३५ हजार कोकु तांदूळ आणि २३ हजार कोकु वाळवलेला भात व मीठ पोहोचवण्याचे हुकूम सुटले. (कोकु हे धान्य मोजण्याचे माप.) ५२,८०० सैनिकांना तागा येथे जमण्याची आज्ञा झाली. सेनापती होता कि नो कोसामी, जुन्या घराण्यातील मातब्बर दरबारी.

७८९ च्या वसंतात सैन्य निघाले आणि कोरोमो नदीपाशी येऊन थांबले. महिना उलटला तरी ते हलेना. सम्राटाने खरमरीत पत्र लिहून कारण विचारले, तेव्हा पुढे सरकणे भाग पडले. आतेरुईचा मुलूख इसावा, कितागामी नदीच्या काठचा सुपीक पट्टा, तेथून जवळच होता.

मधल्या आणि पिछाडीच्या तुकड्यांतून प्रत्येकी २ हजार निवडक सैनिक नदी ओलांडून पूर्व तीरावर गेले. समोर सुमारे तीनशे एमिशी आले आणि थोडे लढून मागे हटले. सैनिक गावे जाळीत त्यांच्या पाठोपाठ निघाले. सुबुसे गावाजवळ पोहोचताच समोरून आठशे एमिशी चालून आले. एवढ्यात पूर्वेच्या डोंगरातून आणखी चारशे उतरले आणि त्यांनी मागची वाट अडवली. अगोदर माघार घेणारे तीनशे हे आमिष होते. नदीपलीकडून मदतीला येणार असलेली आघाडीची तुकडी शत्रूने अडवल्यामुळे नदी ओलांडूच शकली नव्हती.

आकडे दरबाराच्या स्वतःच्या अधिकृत इतिहासात आहेत. लढताना मेले २५. बाण लागून जखमी २४५. नदीत बुडून मेले १,०३६. कपडे व चिलखत टाकून पोहत परतले १,२५७. शत्रूची मुंडकी मिळाली ८९. जाळलेली घरे सुमारे ८००. लढाईत पंचवीस आणि पाण्यात हजार, या दोन आकड्यांतच त्या दिवसाची सगळी हकिगत आहे. आतेरुई हे नाव लिखित इतिहासात प्रथम येते ते याच प्रसंगी.

यानंतर कोसामीने जे कारण कळवले, ते वाचण्याजोगे आहे. त्याने हिशेब मांडला : पुढच्या कूचासाठी सैनिक २७,४७०. त्यांना रोजचे अन्न ५४९ कोकु. रसद वाहणारे हमाल १२,४४०. ते एका खेपेत ६,२१५ कोकु वाळवलेला भात नेऊ शकतात. म्हणजे अकरा दिवसांची बेगमी. शत्रूच्या मुलखात जाऊन, लढून परत येण्यास एवढे दिवस पुरत नाहीत. शिवाय शेतीचा हंगाम चालू आहे. सबब फौज विसर्जित करतो.

कान्मु संतापला. हे सारे भ्याडपणाचे बहाणे आहेत, असे त्याचे म्हणणे. परतल्यावर अधिकाऱ्यांची चौकशी झाली, काहींच्या पदव्या गेल्या. कोसामी पूर्वीच्या सेवेमुळे वाचला. हिशेब मात्र चुकीचा नव्हता. पगारी सेनापतीला सुचणारी सबब म्हणून तो हसण्यावारी नेता येतो, पण सरहद्दीवरचे युद्ध तलवारीपेक्षा हमालांच्या पाठीवर अधिक अवलंबून असते, हे त्यातून स्पष्ट होते. पुढच्या वर्षी दरबाराने पूर्वेकडील प्रांतांना १ लाख ४० हजार कोकु वाळवलेला भात तयार करण्याचा हुकूम दिला. म्हणजे बोलला नाही तरी सम्राटालाही ते पटले होते.

येथे तामुरामारो प्रवेश करतो. ७९१ मध्ये त्याला शुन्तेत्सुबरोबर पूर्वेकडील प्रांतांत सैनिक आणि शस्त्रे यांची पाहणी करण्यासाठी पाठवण्यात आले. तेव्हा तो तेहतीस वर्षांचा होता. पुढच्या मोहिमेचा प्रमुख होता ओतोमो नो ओतोमारो, साठी ओलांडलेला सरदार. तामुरामारो त्याच्या उपसेनापतींपैकी एक.

७९४ च्या पहिल्या महिन्याच्या पहिल्या दिवशी ओतोमारोला ‘सेत्तो’ देण्यात आली. सेत्तो म्हणजे सम्राटाचा अधिकार सोपवणारी तलवार. मोहीम संपेपर्यंत ती सेनापतीजवळ राही आणि परतल्यावर सम्राटाला साभार परत करावी लागे. या खेपेस सैन्य एक लाखाचे होते. विजयाचा अहवाल दहाव्या महिन्यात, म्हणजे दरबार नव्या राजधानीत येऊन आठवडा होतो न होतो तोच आला : ४५७ शिरे, १५० कैदी, ८५ घोडे, ७५ ठिकाणे जाळली. एक लाख सैन्याच्या मानाने ही मिळकत फार नव्हे, आणि आतेरुई मोकळाच होता. मात्र प्रत्यक्ष लढाईचे श्रेय तामुरामारोकडे गेले.

७९६ च्या आरंभी तो मुत्सुचा अधिपती झाला. त्याच वर्षी मुत्सु आणि शेजारचा देवा या दोन्ही प्रांतांवरील देखरेखीचे पद, तसेच सरहद्दीच्या फौजेचे प्रमुखपद, तीनही त्याच्या हाती एकवटली. ७९७ मध्ये सेइ-इ ताइशोगुन ही चौथी जबाबदारी आली. मुलकी आणि लष्करी अधिकार एका माणसाकडे इतके सलग क्वचितच गेले होते.

त्यानंतर चार वर्षे युद्धाची नोंद नाही. मोहिमांच्या कथा सांगणारे ही वर्षे बहुधा वगळतात; वास्तविक तीच सर्वांत बोलकी आहेत. ७९६ मध्ये पूर्वेकडील निरनिराळ्या प्रांतांतून ९ हजार लोक कोरेहारी किल्ल्याच्या परिसरात आणून वसवले गेले. म्हणजे ज्या ठिकाणी आझामारोचा उठाव झाला, तेथेच. त्याच वर्षी इसे, मिकावा, ओमी, तान्बा, ताजिमा आदी प्रांतांतून प्रत्येकी दोन स्त्रिया मुत्सुला पाठवण्यात आल्या. त्यांनी दोन वर्षे तेथे राहून लोकांना रेशमाचे किडे पाळण्याची विद्या शिकवायची होती.

या स्त्रियांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत. एक लाखाच्या फौजेपेक्षा त्यांचे येणे एमिशींच्या दृष्टीने अधिक चिंतेचे होते, असे म्हणण्यास जागा आहे. फौज हंगाम संपला की परत जाते. तुतीची झाडे लावणारे लोक परत जात नाहीत.

८०१ मध्ये तामुरामारोने स्वतः सेत्तो स्वीकारली आणि ४० हजार सैन्यासह कूच केले. मागच्या खेपेच्या निम्म्याहूनही कमी. नवव्या महिन्यात शत्रूला नमवल्याचा त्याचा अहवाल राजधानीस आला.

ही मोहीम कशी लढली गेली, हे वाचण्याची उत्सुकता साहजिक आहे, आणि नेमकी तिथेच इतिहासाने पाठ फिरवली आहे. या काळाचा अधिकृत ग्रंथ ‘निहोन कोकी’ चाळीस खंडांचा होता; त्यांतील दहाच आज उपलब्ध आहेत. या मोहिमेचे खंड हरवले. पुढच्या काळात कोणी तयार केलेला सारांश तेवढा उरला, आणि त्यात तामुरामारोच्या अहवालाचा गाभा वगळून संकलकाने तेथे ‘वगैरे वगैरे’ अशा अर्थाची अक्षरे घातली आहेत. त्याच्या आयुष्यातील सर्वांत मोठ्या विजयाचे वर्णन आज आपल्यापुढे आहे ते एवढेच.

८०२ च्या पहिल्या महिन्यात त्याला इसावा येथे किल्ला बांधण्यासाठी पाठवले गेले. ऐन आतेरुईच्या मुलखात. पाठोपाठ पूर्वेकडील दहा प्रांतांतून ४ हजार भटक्या, गावातून परागंदा झालेल्या लोकांना तेथे वसवण्याचा हुकूम निघाला. आजच्या ओशू शहरात या किल्ल्याचे अवशेष आहेत. त्याची प्रत्येक बाजू सुमारे ६७० मीटर लांब होती.

चौथ्या महिन्यात आतेरुई आणि मोरे शरण आले. ७८९ नंतर तेरा वर्षे त्यांनी झुंज दिली होती. शेवटी एखादी निर्णायक लढाई झाली म्हणून ते आले, असे कोठेही लिहिलेले नाही. गावे जळलेली, शेते परक्यांच्या ताब्यात चाललेली, आणि घराच्या अंगणात किल्ल्याच्या भिंती चढत असलेल्या, हे चित्र पुरेसे होते.

शिवाय शरण आलेल्या प्रमुखांना मारण्याची रीत नव्हती. दहाच वर्षांपूर्वी, ७९२ मध्ये, उत्तरेकडील एमिशी प्रमुखांना राजधानीत बोलावून मेजवानी व पदव्या देऊन परत पाठवण्यात आले होते. आतेरुई ज्या वेळी तामुरामारोच्या स्वाधीन झाला, त्या वेळी यापेक्षा वेगळी अपेक्षा त्याने ठेवली असेल असे वाटत नाही. तामुरामारोनेही त्याला यापेक्षा वेगळे काही सांगितले असेल, असे मानणे कठीण आहे.

सातव्या महिन्यात तो दोघांना घेऊन राजधानीत पोहोचला. त्याने दरबाराला सांगितले की, या वेळी या दोघांना त्यांच्या इच्छेप्रमाणे परत जाऊ द्यावे. ते आपल्या लोकांना समजावून शांत करतील. दरबारी सरदारांचे मत उलट होते. यांचा स्वभाव रानटी, काळीज जनावराचे, शब्दाचा भरवसा नाही; सम्राटाच्या प्रतापाने हाती लागलेल्यांना दूर मुत्सुच्या अंतर्भागात सोडणे म्हणजे हाताने वाघ पाळून संकट ओढवून घेणे होय, असा त्यांच्या युक्तिवादाचा आशय. सरदारांचे मत ग्राह्य धरले गेले.

तामुरामारोच्या विनंतीला आज मैत्रीचा किंवा वीरांमधील परस्परआदराचा मुलामा दिला जातो. कादंबऱ्यांत तर दोघे जवळजवळ भाऊच होतात. तसा आधार काहीच नाही. तो दयाळू होता की नव्हता, यावर हा प्रश्न अवलंबूनही नाही. तो सहा वर्षे त्या प्रांताचा अधिपती होता. आतेरुई घरी परतला तर त्याच्या शब्दावर किती गावे शांत राहतील आणि तो मेला तर किती बिथरतील, याचा अंदाज त्याला होता. नकार देणाऱ्या सरदारांना मात्र तो प्रांत केवळ अहवालांतून ठाऊक होता. त्याची विनंती हा प्रांताधिपतीचा सल्ला होता, आणि सल्ल्यामागे शरण येणाऱ्याला दिलेला शब्दही असू शकतो.

वध कावाची प्रांतात झाला. हस्तलिखितांत त्या जागेचे नाव निरनिराळे आढळते, त्यामुळे नेमके स्थळ आज दाखवता येत नाही.

तामुरामारोची त्यावरची प्रतिक्रिया नोंदलेली नाही. नोंद आहे ती कामाची. ८०३ मध्ये तो पुन्हा उत्तरेस जाऊन इसावाच्याही पलीकडे, आजच्या मोरिओका शहराच्या हद्दीत, शिवा किल्ला बांधत होता. ज्यांचे प्राण वाचावेत म्हणून त्याने शब्द टाकला, त्यांच्याच लोकांची जमीन तो नंतरही तितक्याच निष्ठेने सम्राटाच्या राज्यात सामील करीत राहिला. विनंती करणारा आणि किल्ले बांधणारा हे दोन वेगळे तामुरामारो नाहीत.

८०४ मध्ये तो पुन्हा सेइ-इ ताइशोगुन झाला. नव्या मोहिमेसाठी २४ हजार कोकु धान्य मुत्सुकडे रवाना करण्याचा हुकूमही निघाला. ती मोहीम मात्र कधीच निघाली नाही.

८०५ च्या अखेरीस आजारी कान्मुने दोन मंत्र्यांना आपल्यासमोर वाद घालायला लावला : राज्याचे भले कशात आहे? बत्तीस वर्षांच्या फुजिवारा नो ओत्सुगुने स्पष्ट सांगितले की, प्रजेला दोनच गोष्टींचा जाच आहे, युद्ध आणि राजधानीचे बांधकाम, दोन्ही थांबवा. वयोवृद्ध सुगानो नो मामिची ऐकेना. कान्मुने तरुणाच्या बाजूने कौल दिला. ज्या दोन गोष्टींसाठी त्याने सारे आयुष्य वेचले, त्या त्याने स्वतःच थांबवल्या आणि तीन महिन्यांनी त्याचा मृत्यू झाला. तलवार हाती घेऊन सज्ज झालेला सेनापती राजधानीतच राहिला. त्या वर्षी तो सल्लागार मंडळात दाखल झाला होता. त्याची बहीण आणि मुलगी दोघीही कान्मुच्या अंतःपुरात होत्या, तेव्हा दरबारात त्याचा पाय भक्कम होता.

आठ वर्षांनी त्याने पुन्हा एका कैद्यासाठी शब्द टाकला. हा प्रसंग कमी सांगितला जातो.

८१० चा नववा महिना. निवृत्त सम्राट हेइझेई जुनी राजधानी नारा येथे जाऊन राहिला होता. त्याने अचानक राजधानी पुन्हा तेथे हलवण्याची आज्ञा काढली. धाकटा भाऊ सागा गादीवर होता. एका राज्याला दोन दरबार झाले. हेइझेईच्या मागे त्याची प्रिया फुजिवारा नो कुसुको आणि तिचा भाऊ नाकानारी यांचे बळ होते. सागाने नाक्यांची दारे बंद केली, नाकानारीला पकडून ठार केले आणि तामुरामारोला बढती देऊन, पूर्वेकडे फौज गोळा करण्यास निघालेल्या भावाला अडवण्यासाठी पाठवले.

निघण्यापूर्वी तामुरामारोने एक मागणी केली. नाराहून आलेला फुन्या नो वातामारो हा अधिकारी हेइझेईचा माणूस असल्याच्या संशयावरून कैदेत होता. तो कसलेला लढवय्या आहे, सरहद्दीवर काम केलेला आहे, त्याला आपल्याबरोबर द्यावे, असे तामुरामारो म्हणाला. सागाने केवळ सुटका केली नाही, तर वातामारोला सल्लागार मंडळात जागा दिली. दोघांनी वाट रोखून धरली. हेइझेई अर्ध्यातून परतला, त्याने मुंडण करून संन्यास घेतला. कुसुकोने विष घेतले. युद्ध झालेच नाही.

पुढच्या वर्षी, ८११ च्या पाचव्या महिन्यात, तामुरामारो वारला. जपानी गणनेनुसार वय चोपन्न. राजधानीच्या पूर्वेस यामाशिना येथे त्याला पुरण्यात आले. पुढे अशी समजूत रूढ झाली की, चिलखत घालून, धनुष्यबाण व तलवारीसह, पूर्वेकडे तोंड करून त्याला उभाच पुरला आहे, म्हणजे मेल्यावरही तो राजधानीची राखण करील.

त्याच वर्षी मुत्सुमध्ये शेवटची मोहीम निघाली. तिचा सेनापती कैदेतून सुटलेला वातामारोच होता. वर्षअखेरीच्या अहवालात त्याने हिशेब दिला : ७७४ पासून या वर्षापर्यंत अडतीस वर्षे सरहद्द सतत अशांत होती. आजचे इतिहासकार ‘अडतीस वर्षांचे युद्ध’ म्हणतात ते त्याच्या या आकड्यावरून.

तामुरामारोची कीर्ती त्यानंतर वाढतच गेली, आणि तिच्याबरोबर आतेरुईचे रूप बिघडत गेले. ११८९ मध्ये मिनामोतो नो योरितोमो उत्तरेची स्वारी आटोपून परतत असताना त्याला ताक्कोकु येथील एक गुहा दाखवण्यात आली. तामुरामारोच्या काळात आकुरो-ओ नावाच्या शत्रूराजाचा येथे तळ होता, असे त्याला सांगितले गेले. ‘आकुरो’ची अक्षरे लिहिली जातात ती दुष्टतेचे चिन्ह वापरून. पुढच्या लोककथांत तर तामुरामारो सरळ राक्षसांचाच संहार करतो. इसावाचा शेतकरी-सरदार गळून गेला आणि त्याच्या जागी शिंगे असलेला दैत्य उभा राहिला.

११९२ मध्ये याच योरितोमोला पदवी देण्याची वेळ आली, तेव्हा दरबारापुढे अनेक नावे होती. एक पदवी नुकत्याच मारल्या गेलेल्या किसो योशिनाकाने वापरलेली, दुसरी पराभूत ताइरा घराण्याच्या प्रमुखाची, दोन्ही अपशकुनी. सेइ-इ ताइशोगुन ही शुभ ठरली, कारण ती तामुरामारोने धारण केली होती. हा तपशील एका समकालीन रोजनिशीच्या उताऱ्यातून एकविसाव्या शतकाच्या आरंभी अभ्यासकांच्या लक्षात आला. तोपर्यंत योरितोमोने हीच पदवी हट्टाने मागितली, असे सर्वत्र शिकवले जात असे.

आओमोरी येथील प्रसिद्ध नेबुता उत्सवात सर्वोत्तम देखाव्याचे पारितोषिक कित्येक वर्षे तामुरामारोच्या नावाने दिले जाई. तो कधी आओमोरीपर्यंत गेल्याचा पुरावा नाही, आणि तेथील लोक ज्यांचे वारस, त्यांच्याविरुद्ध तो लढला, हे लक्षात येऊ लागले तसे १९९० च्या दशकात ते नाव बदलण्यात आले.

क्योतोचे कियोमिझु मंदिर तामुरामारोच्या आश्रयाने उभे राहिले, अशी त्या मंदिराची परंपरा आहे. डोंगरउतारावरील त्याचा लाकडी सज्जा पाहण्यास जगभरातून लोक येतात. हेइआन राजधानीला १,२०० वर्षे पूर्ण झाली त्या १९९४ साली, इवातेकडून येऊन कान्साइ भागात स्थायिक झालेल्या लोकांच्या पुढाकाराने, मंदिराच्या आवारात त्या सज्ज्याखाली एक शिळा बसवण्यात आली. तिच्यावर आतेरुई आणि मोरे यांची नावे कोरलेली आहेत.